संचकार पत्र झाले, पण लिहून देणारा खरेदीपत्राला येत नाही. खानापूर तालुक्यातील जमिनीचा दावा कसा लावावा?

खानापूरवाला (प्रश्न)

सर्वांना नमस्कार. व्यवहार मामांचा आहे. कागद समोर ठेवून लिहितोय.

कर्नाटकात, बेळगाव जिल्ह्यातल्या खानापूर तालुक्यातल्या एका सर्व्हे नंबरात ५ एकर ४ गुंठे क्षेत्र आहे. त्यापैकी २ एकर १० गुंठे शेतजमीन मामांनी ३८ लाखांना ठरवली. १० जून २०२३ रोजी २०० रुपयांच्या ई-स्टॅम्पवर मराठीत संचकार पत्र, म्हणजे इसार घेऊन केलेला विक्रीचा करार, झाले. नोटरी झाली, सब रजिस्ट्रारकडे नोंदणी नाही. १२ लाख दिले, त्यात ९ लाख आरटीजीएसने आणि ३ लाख रोख. बाकी २६ लाख खरेदीपत्राच्या वेळी द्यायचे आहेत. मजकुरातली तीन वाक्ये जशीच्या तशी देतो: "खरेदीपत्र आजपासून ११ महिन्यांत करून देईन." "११ई नकाशा काढून देण्याची जबाबदारी लिहून देणाराची राहील." "जमिनीचा ताबा आज रोजी दिला आहे." प्रत्यक्षात भात अजून लिहून देणाराच पिकवतोय.

उताऱ्याच्या ९ व्या रकान्यात एकट्या लिहून देणाऱ्याचे (विकणाऱ्याचे) नाव आहे, ११ व्यात पीकेपीएस या शेती पतपुरवठा सोसायटीच्या कर्जाची नोंद. जमीन वडिलोपार्जित. त्याची एक बहीण महाराष्ट्रात चंदगडला दिली आहे, तिची सही कागदावर नाही. ११ई, म्हणजे सर्व्हे नंबरातल्या विकायच्या तुकड्याचा मोजणी नकाशा, त्यासाठी त्याने अर्जच केलेला नाही. डिसेंबर २०२४ मध्ये त्याच्या वकिलाची नोटीस आली: मुदत संपली, करार रद्द, १२ लाख जप्त. त्या बाजूच्या जमिनींचा दर मधल्या काळात बराच चढला आहे.

कोर्टाकडून खरेदीपत्र करून घेता येईल का? मुदत किती उरली? आणि तोपर्यंत त्याने दुसऱ्याला विकली तर? मामांचे वय झाले आहे, तेव्हा वटमुखत्यारपत्र घेऊन सगळे मीच बघावे असा विचार आहे.

दिवाणी_चिकोडी

स्पेसिफिक परफॉर्मन्सचा, म्हणजे करारपूर्तीचा दावा बसतो. १ ऑक्टोबर २०१८ पासून स्पेसिफिक रिलीफ कायद्याचे कलम १० बदलले. त्याआधी करार सिद्ध झाला तरी खरेदीपत्राचा हुकूम द्यायचा की नुसते पैसे परत द्यायचे, हे न्यायाधीशांच्या विवेकावर होते. आता कायद्यातल्या ठरावीक अपवादांत बसत नसेल तर पूर्ततेचा हुकूम द्यायचा, असा नियम आहे. तुमचा करार २०२३ चा, म्हणजे नव्या कायद्याखालचा. दर चढले म्हणून खरेदीपत्र देऊ नका, हा त्याचा युक्तिवाद पूर्वीइतका चालत नाही. पण कलम १६(सी) जागेवरच आहे, आणि बहुतेक दावे तिथेच पडतात.

आधी मुदत बघू. लिमिटेशन कायद्याच्या आर्टिकल ५४ प्रमाणे करारात तारीख ठरलेली असेल तर त्या तारखेपासून ३ वर्षे, आणि तारीख ठरलेली नसेल तर नकार कळल्यापासून ३ वर्षे. तुमच्या कागदात ११ महिने लिहिलेत, म्हणजे १० मे २०२४ पासून मोजून १० मे २०२७. ११ई झाल्याशिवाय खरेदीपत्र होऊच शकत नव्हते, म्हणून तारीख ठरलेली नव्हती असा मुद्दा मांडता येतो. तो वादात मांडायला ठेवा, त्याच्या भरवशावर थांबू नका. मे महिन्यात दिवाणी कोर्टांना उन्हाळी सुट्टी असते. शेवटचा दिवस सुट्टीत आला तर कोर्ट उघडेल त्या दिवशी दावा दाखल करता येतो, पण तिथवर नेण्यात काहीही फायदा नाही. तोंडी मुदतवाढ झाली होती असे म्हणून तारीख पुढे ढकलू पाहणारे दावे साक्षीपुराव्यात टिकत नाहीत.

आता कलम १६(सी). करार झाल्यापासून हुकूमनाम्यापर्यंत घेणारा 'तयार आणि राजी' होता, हे घेणाऱ्याने सिद्ध करायचे असते. यात दोन वेगळ्या गोष्टी आहेत. तयारी म्हणजे पैशाची ऐपत. राजीपणा म्हणजे वागणूक. ऐपतीसाठी २६ लाख रोख खिशात असावे लागत नाहीत आणि कोर्टाने सांगितल्याशिवाय ते भरावेही लागत नाहीत. पण कागद लागतो: १० मे २०२४ च्या आसपासचे पासबुक, मुदतठेवीच्या पावत्या, बँकेचे कर्जमंजुरीपत्र, साखर कारखान्याच्या ऊसबिलाच्या पावत्या, आयकर विवरणपत्र. दावा लावायच्या आठवड्यात कुणाकडून तरी पैसे फिरवून खात्यात दाखवले तर उलटतपासात पहिला प्रश्न त्याच नोंदीवर येतो.

राजीपणा नोटिशींतून दिसतो, आणि मला तुमच्या प्रकरणात इथेच काळजी वाटते. मुदत संपायच्या आत मामांच्या बाजूने एखादे पत्र, व्हॉट्सअॅप मेसेज, ११ई बद्दल विचारणा असे काही आहे का? असेल तर ते आधी शोधा. फोन बदलला असेल तर जुना फोन टाकून देऊ नका. डिसेंबर २०२४ च्या नोटिशीला उत्तर गेले नसेल तर ते आता ताबडतोब जाऊ दे. त्यात तीन गोष्टी याव्यात: आम्ही २६ लाख घेऊन तयार होतो व आहोत, ११ई काढणे तुमचे काम, ते तुम्ही केले नाही, अमुक तारखेला अमुक वाजता सब रजिस्ट्रार कार्यालयात या. त्या दिवशी मसुदा आणि डिमांड ड्राफ्टची छायाप्रत घेऊन मामांनी स्वतः तिथे हजर राहावे. बहिणीच्या हिश्श्यामुळे किंमत कमी करा, असे मात्र नोटिशीत लिहू नका. करारापेक्षा वेगळी अट घातली की घेणारा कराराप्रमाणे राजी नव्हता, असा अर्थ निघतो.

त्याची 'मुदत संपली' ही भूमिका कच्ची आहे. जमिनीच्या व्यवहारात वेळ हा साधारणपणे कराराचा गाभा धरत नाहीत, जोवर कागदात तसे स्पष्ट लिहिलेले नसते. शिवाय काँट्रॅक्ट कायद्याचे कलम ५४ तुमच्या बाजूने आहे. ज्याचे काम आधी व्हायला हवे त्यानेच ते केले नाही, तर तो समोरच्याच्या न केलेल्या कामाचा फायदा घेऊ शकत नाही. तरी करार रद्द केल्याची नोटीस आलेली असल्यामुळे दाव्यात 'करार रद्द केल्याची ती नोटीस बेकायदा आहे असे जाहीर व्हावे' ही मागणी जरूर घाला. ती नसल्यामुळे दावे अडकले आहेत, तेही कर्नाटकातून सर्वोच्च न्यायालयात गेलेले.

मागण्या पुढीलप्रमाणे असाव्यात. खरेदीपत्र करून मिळावे. ताबा मिळावा. करार रद्द केल्याची नोटीस बेकायदा असल्याचे जाहीर व्हावे. आणि पर्याय म्हणून १२ लाख व्याजासह परत, शिवाय नुकसानभरपाई. स्पेसिफिक रिलीफ कायद्याच्या कलम २२ प्रमाणे ताबा आणि रक्कम परत या मागण्या दाव्यात मागितल्या नसतील तर कोर्ट त्या देत नाही. नंतर दुरुस्तीने घालता येतात, पण त्यासाठी एक आय.ए. (दाव्यातला मधला अर्ज) आणि सहा महिने जातात. नुसता मनाईचा दावा आधी लावू नका. त्या वेळी पूर्ततेची मागणी करता येत होती आणि केली नाही, असे म्हणून सीपीसीच्या (दिवाणी प्रक्रिया संहितेच्या) ऑर्डर २ रूल २ खाली पुढचा दावा अडवला जातो.

कोर्ट फी पूर्ण मोबदल्यावर, म्हणजे ३८ लाखांवर. उरलेल्या २६ लाखांवर हिशेब केलेले दावे मूल्यांकनाच्या मुद्द्यावर रखडतात.

वटमुखत्यारपत्राबद्दल स्पष्टच सांगतो. दावा दाखल करायला, तारखांना हजर राहायला ते चालते. पण तयारी आणि राजीपणा मामांच्या मनातला आणि खात्यातला आहे. त्याची साक्ष भाच्याने देऊन भागत नाही. मामांना साक्षीच्या पिंजऱ्यात यावे लागेल. चालणे-फिरणे कठीण असेल तर कमिशनवर घरी साक्ष घ्यायचा अर्ज करा, पण साक्ष त्यांचीच हवी. प्रकृतीचा प्रश्न असेल तर तोच दावा लवकर लावायचे मोठे कारण धरा.

मुद्रांक_हिशेब

वकीलसाहेबांनी दाव्याचे सांगितले. मी त्या तिसऱ्या वाक्याबद्दल लिहितो, कारण पैशाच्या दृष्टीने तेच सर्वांत महाग आहे.

'ताबा आज रोजी दिला आहे' असे लिहिले की कर्नाटक मुद्रांक कायद्याच्या आर्टिकल ५(ई) खाली तो कागद साधे संचकार पत्र राहत नाही. त्यावर खरेदीपत्राइतके मुद्रांक शुल्क बसते, तेही बाजारमूल्यावर. ३८ लाख हेच मूल्य धरले तरी ५ टक्क्यांनी १,९०,००० रुपये, वर सेस आणि अधिभार. भरले आहेत २००. आता हा कागद साक्षीत दाखल करायला गेलात आणि समोरच्या वकिलाने हरकत घेतली, तर कलम ३४ प्रमाणे तुटीची रक्कम आणि तिच्या दहापट दंड. म्हणजे सुमारे १९ लाख दंड, शुल्क वेगळे. 'थोडा दंड घ्या' असे दिवाणी न्यायाधीशांना सांगून उपयोग नाही. कलम ३४ खाली दंड कमी करायचा अधिकार त्यांना नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने कर्नाटकातल्याच प्रकरणात ठरवले आहे.

वाट आहे, पण ती वेळेत धरावी लागते. कागद पुराव्यात दाखल करण्याची पायरी येण्याआधीच तो जप्त करून जिल्हा निबंधकांकडे पाठवावा, असा अर्ज कोर्टात द्या. तिकडे कलम ३९ खाली दंड ठरवताना अधिकाऱ्याला कमी-जास्त करायची मुभा असते, दहापट ही वरची मर्यादा. २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हा फरक नीट मांडला. एकदा कागद पुराव्यात पुढे केला आणि कलम ३४ लागू झाले की ही वाट बंद होते. दाव्याच्या सुरुवातीलाच हे उरकून घेतले तर मनाईच्या अर्जावरही 'अपुऱ्या मुद्रांकाचा कागद बघूच नका' ही हरकत राहत नाही.

नोंदणी नाही याची भीती बाळगू नका. नोंदणी कायद्याच्या कलम ४९ च्या परंतुकाप्रमाणे नोंदणी नसलेले संचकार पत्र करारपूर्तीच्या दाव्यात पुरावा म्हणून चालते. २००१ च्या दुरुस्तीनंतर मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम ५३ए चे संरक्षण, म्हणजे 'मला ताबा दिलाय, मला हटवू नका', हे नोंदणीशिवाय मिळत नाही. तसाही ताबा मामांकडे नाही, त्यामुळे तो मुद्दा सोडून द्या. मुद्रांकाची तूट मात्र कलम ४९ ने भरून निघत नाही. लोक या दोन गोष्टी एकच समजतात आणि तिथे घोटाळा होतो.

दुसरे, ते ३ लाख रोख. स्थावर मालमत्तेच्या व्यवहारात २० हजार वा त्याहून जास्त रोख घेणाऱ्यावर आयकर कायद्यात तितक्याच रकमेचा दंड आहे, आणि २ लाखांवरच्या रोखीला वेगळी बंदी आहे. एप्रिल २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की २ लाख किंवा जास्त रोख दिल्याचे दाव्यात आले तर कोर्टाने आयकर खात्याला कळवावे. म्हणून रोख रक्कम लपवून दावा लिहू नका. कागदातच १२ लाख पोचल्याचे लिहिलेय, ९ लाखांचा दावा केलात तर कागद आणि दावा जुळत नाहीत. फक्त ती रक्कम कुठून आली, याचा बँकेतून काढल्याचा उतारा हाताशी ठेवा.

खानापूरवाला

१९ लाखांचा आकडा वाचून धास्ती वाटली. ताबा खरोखर दिलेलाच नाही. साक्षीदार आणि बाँड रायटर (कागद लिहिणारा) दोघेही तसे सांगायला तयार आहेत. मग मुद्रांक कशाला? आमच्याकडच्या मूळ प्रतीत दोघांनी मिळून ते वाक्य खोडून सही केली तर?

मुद्रांक_हिशेब

नाही, असे अजिबात करू नका. मुद्रांक शुल्क कागदात काय लिहिले आहे त्यावर ठरते, शेतात काय चालले आहे त्यावर नाही. लिहून देणाऱ्याच्या संमतीशिवाय मूळ कागदात महत्त्वाचा बदल केला तर करारच अंमलबजावणीला अपात्र ठरतो, वर खोट्या दस्ताची फिर्याद अंगावर येते. त्याच्याकडे छायाप्रत असणारच, नोटरीच्या रजिस्टरात नोंदही असेल. शुल्क आणि कमी केलेला दंड भरून मोकळे व्हा.

ताबा नाही हे दाव्यात मात्र सरळ लिहा, कारण ताब्याची मागणी त्यावरच उभी आहे. आणखी एक. कागद मराठीत आहे, कोर्टाचे काम कानडी-इंग्रजीत चालते, त्यामुळे भाषांतर जोडावे लागेल. भाषांतर करणाऱ्याने 'ताबा दिला आहे' चे 'ताबा देऊ' असे केले तर मूळ कागदाशी ताडताना सगळ्या भाषांतराची विश्वासार्हता जाते. शब्दाला शब्द लावून घ्या.

उतारा_फेरफार

मी जमिनीच्या अंगाने बघतो. दावा लावायच्या आधी या सर्व्हे नंबराचा पूर्वेतिहास काढला का? भूमी या सरकारी संगणक प्रणालीत २००० च्या पुढचे उतारे सहज मिळतात. त्यामागचे हस्तलिखित उतारे आणि फेरफार तालुका कचेरीच्या रेकॉर्ड रूममधून अर्ज देऊन काढावे लागतात. १९५६ पूर्वी बेळगाव जिल्हा मुंबई राज्यात होता, त्यामुळे तेव्हाचे बरेचसे कागद मराठीत आणि त्याहून जुने मोडीत आहेत. मोडी वाचणाऱ्याकडून लिप्यंतर करून घ्यायला थोडा खर्च येतो, तो करा.

शोधायचे काय? एक, जमीन वतनाची होती का. पाटील-कुलकर्णी वतन असो की कनिष्ठ गावकामगारांचे, फेरमंजूर झालेल्या वतन जमिनींवर विक्रीचे निर्बंध होते. दोन, कुळकायद्याखाली भोगवटा मिळालेली जमीन आहे का. तिच्यावर कर्नाटक भूसुधारणा कायद्याच्या कलम ६१ चे १५ वर्षांचे निर्बंध असतात. तीन, आणि हे सर्वांत घातक: अनुसूचित जाती-जमातीच्या व्यक्तीला सरकारने मंजूर केलेली जमीन असेल तर १९७८ चा पीटीसीएल कायदा (अशा जमिनींच्या हस्तांतरणावर बंदी घालणारा) लागतो. त्यात 'हस्तांतरण' या शब्दातच विक्रीचा करार धरला आहे. सरकारच्या पूर्वपरवानगीशिवाय केलेला करार शून्य. असा करार कोर्ट पुरा करून देत नाही, आणि २०२३ च्या दुरुस्तीनंतर कितीही वर्षे उलटली तरी जमीन परत मागता येते. यातले काही निघाले तर पूर्ततेवर पैसे घालवू नका, सरळ रक्कम वसुलीकडे वळा.

घेणारा शेतकरी आहे का, हा प्रश्न आता उरलेला नाही. भूसुधारणा कायद्यातली ७९ए आणि ७९बी ही कलमे २०२० मध्ये काढली गेली. पलीकडे महाराष्ट्रात बिगरशेतकऱ्याला शेतजमीन घेण्यावर अजून बंधन आहे, म्हणून लोक तोच नियम इथे लावतात आणि नाहक घाबरतात.

बहिणीचा मुद्दा खरा आहे. कर्नाटकात अविवाहित मुलींना १९९४ पासूनच सहदायिक हक्क (वडिलोपार्जित मिळकतीत जन्माने वाटा) दिला होता, आणि २००५ च्या केंद्रीय दुरुस्तीने तो विवाहित मुलींनाही जन्माने मिळाला. सर्वोच्च न्यायालयाच्या २०२० च्या निकालाने वडील २००५ ला हयात असण्याची अटही गेली. उताऱ्यावर एकट्या भावाचे नाव आहे, एवढ्याने तिचा हिस्सा जात नाही. २० डिसेंबर २००४ च्या आधी नोंदणीकृत वाटणी झाली असेल तर गोष्ट वेगळी. ती ई.सी. (बोजा प्रमाणपत्र) काढून बघा. फॉर्म १५ मध्ये व्यवहारांच्या नोंदी येतात, काहीच नसेल तर फॉर्म १६ मिळतो.

तिला प्रतिवादी करावे, असे माझे मत.

दिवाणी_चिकोडी

यावर मी सहमत नाही. करारात सही नसलेल्या आणि मालकीचा उलटा दावा सांगणाऱ्या व्यक्तीला पूर्ततेच्या दाव्यात ओढले की करारपूर्तीचा दावा वाटणीचा होऊन बसतो. सर्वोच्च न्यायालयाची भूमिकाही तीच आहे: करारातले पक्ष, त्यांचे वारस आणि करारानंतर घेणारे, एवढेच आवश्यक पक्ष.

व्यवहारात घडते ते असे. दाव्याचे समन्स पोचले की महिन्या-दोन महिन्यांत बहीण वाटणीचा दावा लावते आणि भाऊ त्यात काही हरकत घेत नाही. त्या दाव्यात मामांनी पक्षकार होण्यासाठी अर्ज द्यायचा आणि दोन्ही दावे एकाच कोर्टापुढे एकत्र चालवून घ्यायचे. शेवटी तिचा हिस्सा निघाला तरी इथे जागा आहे. सर्व्हे नंबर ५ एकर ४ गुंठ्यांचा आहे आणि करार २ एकर १० गुंठ्यांचा. निम्मा हिस्सा धरला तरी भावाच्या वाट्याला २ एकर २२ गुंठे येतात, म्हणजे करारातले क्षेत्र त्याच्या हिश्श्यात बसते. वाटणीत तेवढा तुकडा त्याच्याकडे घालावा, अशी मागणी करायची. बसत नसते तर स्पेसिफिक रिलीफ कायद्याच्या कलम १२ प्रमाणे मिळेल तेवढ्या भागाची पूर्तता मागून बाकीचा हक्क सोडावा लागला असता. अर्थात वारस ही दोनच भावंडे आहेत, हे गृहीत धरून लिहितोय. आई हयात असेल तर गणित बदलेल, ते कळवा.

पीकेपीएसच्या कर्जाबद्दल: बोजा फेडणे लिहून देणाऱ्याचे काम. तो फेडत नसेल तर मामा २६ लाखांतून सोसायटीला परस्पर भरून बाकी रक्कम देतील, हे दाव्यातच लिहा.

एका बचावाची तयारी ठेवा. '१२ लाख हातउसने घेतले होते, तारण म्हणून कोऱ्या बाँडवर सही दिली' असे त्याच्या कैफियतीत येण्याची शक्यता मोठी आहे. नोंदणी नाही आणि मुदत ११ महिने, त्यामुळे हा बचाव वरवर पटतो. सावकारीतले असे खरे प्रकारही आपल्या भागात आहेत, म्हणून कोर्टेही बारकाईने बघतात. आरटीजीएसच्या नोंदीत 'जमीन संचकार' असे काही लिहिले आहे का, त्या वेळचा बाजारभाव ३८ लाखांच्या जवळ होता का, हे त्याला उत्तर. आणि त्याची स्वतःची डिसेंबर २०२४ ची नोटीस जपून ठेवा. 'करार रद्द, संचकार जप्त' असे लिहिणाऱ्याने विक्रीचा करार कबूल केलेला असतो. त्यानंतर कर्ज होते म्हणणे जड जाते. सगळे १२ लाख जप्त होतात हेही खरे नाही. इसार वेगळा, किमतीपोटी दिलेली रक्कम वेगळी, आणि जप्तीची अट करारात लिहिलेली असावी लागते.

सीमेलगत

थोडे हद्दीबद्दल. जमीन खानापूर तालुक्यात, म्हणून दावा तिथल्याच दिवाणी कोर्टात. रकमेप्रमाणे सिव्हिल जज की सीनियर सिव्हिल जज, एवढाच प्रश्न. बहीण चंदगडला असल्याने वा लिहून देणारा उद्या कोल्हापूरला राहायला गेल्याने कोर्ट बदलत नाही, समन्स तिकडे जाते. पुढची अपिले रकमेप्रमाणे बेळगाव जिल्हा न्यायालय किंवा धारवाड खंडपीठात. यापुढे कुणी करार करत असेल तर लक्षात ठेवा: चंदगड-गडहिंग्लजला बसून महाराष्ट्राच्या मुद्रांकावर कर्नाटकातल्या जमिनीचा करार केला, तर तो कागद इकडे आणल्यावर इथल्या दरातला फरक भरावा लागतो.

दर चढण्याचे कारण महामार्ग किंवा रिंगरोडचे भूसंपादन असेल तर गट नंबर अधिसूचनेत आहे का, ते आजच बघा. राष्ट्रीय महामार्ग कायद्याची ३ए ही इराद्याची अधिसूचना. ३डी प्रसिद्ध झाली की जमीन सरकारकडे जाते आणि खरेदीपत्र अशक्य होते. मग भांडण मोबदल्यावर येते. सक्षम अधिकाऱ्याकडे लेखी हरकत द्यावी. वाटपाचा वाद झाला तर ३एच(४) खाली तो दिवाणी कोर्टाकडे पाठवता येतो.

खानापूरवाला

आई हयात नाही, वारस दोघेच. ३ए मध्ये नंबर नाही. मे २०२४ च्या आधीचे ११ई बद्दल विचारणारे चार मेसेज मामांच्या फोनवर मिळाले. आता दोनच शंका. दावा चालू असताना त्याने विकली तर? आणि हुकूम झाल्यावर प्रत्यक्ष खरेदीपत्र कसे होते?

दरखास्त

मेसेज मिळाले हे फार बरे झाले. फोन तसाच ठेवा. छापील प्रती दाखल करताना इलेक्ट्रॉनिक पुराव्याचे प्रमाणपत्र जोडावे लागते.

दावा दाखल झाल्यावर विकली तर मालमत्ता हस्तांतरण कायद्याचे कलम ५२ लागते. नवा खरेदीदार तुमच्या हुकूमनाम्याला बांधील राहतो, त्याला दाव्याची माहिती असो वा नसो. खरा धोका दावा दाखल होण्याच्या आधीच्या काळात आहे. आज त्याने पूर्ण पैसे घेऊन, करार माहीत नसलेल्या माणसाला विकली, तर स्पेसिफिक रिलीफ कायद्याच्या कलम १९(बी) प्रमाणे त्या माणसाचा हक्क टिकू शकतो. नोंदणी नसल्याने ई.सी. मध्ये तुमचा करार दिसत नाही, म्हणून 'मला माहीत नव्हते' हे तो सहज म्हणेल. ताबाही तुमचा नाही. एवढ्यासाठी तरी १० मे २०२७ ची वाट बघू नका. मधल्या काळात बेळगावच्या मराठी आणि कानडी दोन्ही दैनिकांत सर्व्हे नंबर आणि चतुःसीमेसह जाहीर नोटीस द्या. दाव्यासोबत ऑर्डर ३९ खाली विक्री, गहाण, बोजा यांना मनाईचा अर्ज करा, आणि आदेश मिळाला की त्याची प्रमाणित प्रत तहसीलदारांकडे देऊन उताऱ्याच्या ११ व्या रकान्यात नोंद करून घ्या. ती नोंद पाहिल्यावर शहाणा खरेदीदार मागे फिरतो. तरीही विकलीच तर नव्या खरेदीदाराला प्रतिवादी करा आणि दोघांनी मिळून खरेदीपत्र करून द्यावे, असा हुकूम मागा.

स्पेसिफिक रिलीफ कायद्यात कलम २०सी प्रमाणे समन्स बजावल्यापासून १२ महिन्यांत, फार तर आणखी ६ महिन्यांत निकाल द्यायचा आहे. तालुका कोर्टात तेवढ्यात क्वचित होतो, पण तहकुबीला विरोध करताना हे कलम दाखवा.

हुकूमनाम्यात बाकी रक्कम किती दिवसांत भरायची ते लिहिलेले असते, बहुधा दोन-तीन महिने. ही तारीख भिंतीवर लिहून ठेवा. त्या मुदतीत २६ लाख कोर्टात अनामत भरले नाहीत तर त्याच कायद्याच्या कलम २८ खाली लिहून देणारा करार रद्द करून मागतो आणि जिंकलेला दावा हातचा जातो. मुदतवाढ मागता येते, ती मुदत संपायच्या आत मागावी. त्याने अपील केले की अनेकजण पैसे भरायचे थांबतात. नुसते अपील दाखल झाल्याने मुदत थांबत नाही. वरच्या कोर्टाची स्थगिती नसेल तर पैसे वेळेत भरा आणि ते बँकेत मुदतठेवीत ठेवावेत, असा अर्ज द्या.

तरीही तो आला नाही तर दरखास्त, म्हणजे ई.पी. दाखल करायची. ऑर्डर २१ रूल ३४ प्रमाणे खरेदीपत्राचा मसुदा तुम्ही हुकूमनाम्यातल्या अटींप्रमाणे तयार करून कोर्टात देता. कोर्ट तो नोटिशीसह त्याला पाठवते, हरकतीला वेळ देते, मग मसुदा मंजूर होतो आणि कोर्टाने नेमलेला अधिकारी त्याच्या वतीने सही करून नोंदणी करून देतो. मुद्रांक आणि नोंदणीचा खर्च तुमचा. नोंदणी शुल्क ३१ ऑगस्ट २०२५ पासून १ टक्क्यावरून २ टक्के झाले आहे, म्हणजे ३८ लाखांवर ७६,००० रुपये. सरकारी मूल्य जास्त असेल तर त्याप्रमाणे.

आणि इथे पुन्हा ११ई आडवा येतो. सर्व्हे नंबराच्या तुकड्याचे खरेदीपत्र ११ई नकाशाशिवाय नोंदत नाहीत, मग सही कोर्टाच्या अधिकाऱ्याची असो. मूळ मालक अर्जावर सही करणार नाही. म्हणून दाव्याच्या मागण्यांतच 'प्रतिवादीने ११ई साठी अर्ज करावा, न केल्यास कोर्टामार्फत भूमापन खात्याला मोजणीचे आदेश व्हावेत' असे घाला. आणि दाव्याच्या परिशिष्टात २ एकर १० गुंठ्यांच्या चारी बाजूंची चतुःसीमा लिहा. तुमच्या संचकार पत्रात नुसते '५ एकर ४ गुंठ्यांपैकी २ एकर १० गुंठे' एवढेच असेल आणि पूर्वेकडचा की पश्चिमेकडचा तुकडा हे नसेल, तर मालमत्ता निश्चित नाही अशी हरकत येते. कच्चा नकाशा, शेजाऱ्यांची नावे, बांधावरची खूण, जे काही करारावेळचे असेल ते आत्ताच गोळा करा.

ताबा देत नसेल तर त्याच दरखास्तीत रूल ३५ खाली बेलिफामार्फत ताबा. हुकूमनाम्याची अंमलबजावणी १२ वर्षांपर्यंत मागता येते, पण उभ्या भाताच्या वेळी वॉरंट काढले तर पिकावरून नवा वाद उभा राहतो. सुगी संपल्यावरची तारीख मागा.

समजा यातले काहीच साधले नाही, किंवा मुदत हुकली. तरी १२ लाखांसाठी एक आधार राहतो. मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम ५५(६)(बी) प्रमाणे आगाऊ दिलेल्या किमतीचा बोजा त्या जमिनीवर असतो, घेणाऱ्याने विनाकारण व्यवहार नाकारलेला नसेल तर. लिमिटेशन कायद्याच्या आर्टिकल ६२ प्रमाणे तो बोजा वसूल करायला १२ वर्षे मिळतात. वकिलांना पर्यायी मागणीत 'रक्कम परत' एवढेच न लिहिता 'दाव्यातील जमिनीवर बोजा ठेवून' हे शब्द घालायला सांगा.